सर म्हणतात आवाज पायापासून पुन्हा बांधू. ऑपेरा गायिका जॉयस डिडोनाटोचं नेमकं काय झालं होतं?

खरजातली (खारघर)

नमस्कार मंडळी. प्रश्न जरा आडवळणाचा आहे. इथे ऑपेरा ऐकणारं कोणी असेल तर बरं होईल.

मी लहानपणापासून शास्त्रीय शिकले, गांधर्वच्या मध्यमा पूर्णपर्यंत परीक्षा दिल्या. आवाज पहिल्यापासून खालचा. क्लासमधल्या बाकीच्या मुली काळी चारला गायच्या, मी जेमतेम पांढरी चारला. माझी पाळी आली की पेटीवर बसलेल्या काकांचा चेहरा बघण्यासारखा व्हायचा. कॉलेजात असताना मैत्रिणीबरोबर वाशीतल्या एका कॉयरला (समूहगायनाला) गेले आणि तिथेच अडकले, कारण "अजून खाली जाशील का?" असं कौतुकाने मला पहिल्यांदाच कोणीतरी विचारलं. तेव्हापासून पाश्चात्त्य गायन शिकतेय. नोकरी ऐरोलीत, क्लास ठाण्यात, दर शनिवारी.

आता सर बदललेत. नवीन सरांचं म्हणणं असं: तू मेझो-सोप्रानो (सोप्रानो हा बायकांचा सगळ्यात वरचा आवाज, मेझो त्याच्या खालचा) आहेस, पण खालचे सूर छातीतून ढकलतेस, वर जाताना जबडा आवळतेस, आणि हे सगळं वयाच्या जोरावर निभावतंय. म्हणून वर्षभर एकही आरिया, म्हणजे ऑपेरातलं एकट्याने गायचं गाणं, गायची नाही. ओठ फुरफुरवायचे, पाच सुरांच्या पट्ट्या, आ-ए-ई-ओ-ऊ, बस्स. घरी रियाज सुरू केला की आई म्हणते, एवढी फी भरून हे फुर्रफुर्र शिकवतात? शेजारच्यांना तर वाटतं आमच्याकडे तान्हं बाळ आलंय.

मी २६ वर्षांची आहे. सर सारखं जॉयस डिडोनाटोचं उदाहरण देतात, की तिनेही याच वयात सगळं मोडून पुन्हा उभं केलं. नेटवर शोधलं तर बक्षिसं आणि गाऊनमधले फोटो सापडतात. मला हवंय ते वेगळंच. हे खरंच झालं का? त्या काळात तिला कामं मिळत होती का? आणि मेझोचा आवाज उशिरा पिकतो हे खरं, की शिकवणाऱ्यांनी धीर द्यायला काढलेलं वाक्य?

पाईपवाला (पाचपाखाडी)

तुला एकेरीतच लिहितो, माझी मुलगी तुझ्याहून मोठी आहे.

तुझ्या सरांनी उदाहरण बरोबर दिलं, पण अर्धंच दिलं.

आधी मला हे कुठून माहीत ते सांगतो. मी पाइपिंगचा माणूस, आता निवृत्त. नव्वदीच्या शेवटी कंपनीने ह्यूस्टनला पाठवलं होतं. संध्याकाळी करायला काही नसे आणि डाउनटाउनच्या वॉर्थम थिएटरची अगदी वरच्या मजल्याची तिकिटं परवडत. ऑपेरा काडीचा कळत नव्हता. समोर माणसं माइकशिवाय गातायत आणि मला माळ्यावर ऐकू येतंय, एवढ्या एका नवलावर मी जात राहिलो. २००० साली तिथे मार्क अदामोचा 'लिटल विमेन' पाहिला. त्यात थोरली बहीण मेग झाली होती ती जॉयस डिडोनाटो. खोटं कशाला सांगू, त्या रात्री माझ्या लक्षात राहिली ती दुसरी बहीण 'जो' झालेली गायिका. मेगचं नाव मी पुढे कार्यक्रमपत्रिकेत शोधलं, ती जगभर गाजायला लागल्यावर.

आता क्रमाने सांगतो.

जन्म १९६९, कॅन्सस राज्यातलं प्रेअरी व्हिलेज. सात भावंडांतली सहावी. विचिटा स्टेट युनिव्हर्सिटीत गेली ती शाळेत संगीत शिकवण्याची पदवी घ्यायला. ऑपेराचं खूळ डोक्यात शिरलं तिसऱ्या वर्षी, कॉलेजच्या 'डी फ्लेडरमाउस'मध्ये काम मिळाल्यावर. १९९२ ला पदवी, मग फिलाडेल्फियाची अकॅडमी ऑफ व्होकल आर्ट्स. १९९५ ला सांता फे ऑपेरात उमेदवारी: चार ओळींच्या भूमिका करायच्या आणि मोठी गायिका आजारी पडलीच तर म्हणून तिचंही काम पाठ करून ठेवायचं. १९९६ च्या शरद ऋतूत ह्यूस्टन ग्रँड ऑपेराच्या स्टुडिओत आली. वय २७, म्हणजे तुझ्याच आसपास.

तिथे स्टीफन स्मिथ नावाचे शिक्षक भेटले. त्यांनी तिला सांगितलं की तू तारुण्याच्या आणि स्नायूंच्या जोरावर गातेस, हे फार वर्षं चालणार नाही. हे तिने स्वतः मुलाखतींतून सांगितलंय, तेव्हा तुझे सर पदरचं काही सांगत नाहीयेत. ती तोवर दोन संस्थांतून शिकून, निवड होऊन आली होती. अशा बाईला "तुझा पायाच चुकलाय" म्हणायला शिक्षकाकडे छाती लागते, आणि ऐकून घ्यायला तिच्याकडे त्याहून जास्त.

पण हे सगळं ती कुठे बसून करत होती ते बघ. फिलाडेल्फियाच्या त्या अकॅडमीत फी नसते. ह्यूस्टनचा स्टुडिओ म्हणजे क्लास नव्हे, तिथे निवड झालेल्या गायकाला मानधन मिळतं, रोज कोच मिळतो, भाषेचे शिक्षक मिळतात आणि मुख्य रंगमंचावर छोटी कामंही मिळतात. १९९८ पर्यंत ती तिथे होती. म्हणजे आवाज मोडून ठेवलेला असताना भाडं निघत होतं. तुझे सर जे तुझ्याकडून एका वर्षात मागतायत ते तिला पगारी मिळालं. उरलेलं अर्धं ते हे.

आणि स्टुडिओतून बाहेर पडल्यावर लगेच गाडी सुटली असंही नाही. १९९८ ला ऑपेरालिया स्पर्धेत दुसरं बक्षीस मिळालं. युरोपात एजंटांपुढे गाऊन दाखवलं तर बहुतेकांनी नाही म्हटलं. एकाने घेतलं. एक पुरतो. २०००-०१ च्या हंगामात मिलानच्या ला स्कालात रॉसिनीच्या 'ला चेनेरेंतोला'ची नायिका, न्यूयॉर्कच्या मेटमध्ये (मेट्रोपॉलिटन ऑपेरात) पहिलं पाऊल २००५ साली, मोझार्टच्या 'फिगारो'तला केरुबिनो. वय ३६.

रबाळे_लोकल

काका, लेखन आवडलं. पण मग निष्कर्ष काय? की इथे करू नका?

आमच्याकडे ना स्टुडिओ ना मानधन. नरिमन पॉइंटच्या एनसीपीएचा सिम्फनी ऑर्केस्ट्रा २००६ चा, ऑपेरा होतो तो सणासारखा, कधीतरी. ठाण्याहून नरिमन पॉइंटला एक संध्याकाळ काढायची म्हणजे लोकल, मग टॅक्सी, परत येताना शेवटच्या गाडीची चिंता. मुलगी ऐरोलीत शिफ्ट करते. तिने वर्षभर ओठ फुरफुरवायचे कशासाठी? तिला जिथे गायचंय, त्या कॉयरला तिचा आहे तो आवाज पुरतो. बिचारीला गाऊ द्या की.

पाईपवाला (पाचपाखाडी)

करू नका असं मी कुठे म्हटलं? मी म्हटलं, हिशोब नीट मांडा. डिडोनाटोची गोष्ट "जिद्द असली की सगळं होतं" या छापाची करून सांगतात त्याची मला चीड आहे. जिद्द होतीच. पण सांता फेची उमेदवारी १९५७ पासून चालू आहे, ह्यूस्टनचा स्टुडिओ १९७७ पासून. म्हणजे ती तिथे पोचायच्या कितीतरी आधी कोणीतरी ठरवून ठेवलं होतं की तरुण गायकाला काही वर्षं कच्चं राहायची मुभा पाहिजे, आणि त्याचे पैसे आपण देऊ.

कॉयरला पुरतो म्हणालास ते मात्र पटलं नाही. घसा ढकलून गाणाऱ्याची गाडी चाळिशीत कुठे थांबते ते मी सोसायटीच्या गणपतीत दरवर्षी ऐकतो.

षड्जपंचम (नौपाडा)

मी गाणं शिकवते, हिंदुस्थानी. ऑपेरा फार ऐकलेला नाही, म्हणून आवाजापुरतंच बोलते.

खरजातली, तुझी पांढरी चार ऐकून मला अजिबात धक्का बसला नाही. मुलींना सरसकट काळी चार-पाचला बसवायची खोड आपल्याकडे आहे, पेटीवाल्याची आणि बाकी क्लासची सोय म्हणून. त्यात ज्यांचा आवाज खालचा, त्या एकतर वर ओढून पातळ करतात, नाहीतर खाली दाबून जाड करतात. तू दुसरी दिसतेस. जबडा आवळणं हे त्याचंच पिल्लू.

गंगूबाई हनगलांच्या अगदी सुरुवातीच्या ध्वनिमुद्रिका मिळाल्या तर ऐक, गांधारी या नावाने निघालेल्या. बारीक, चढा आवाज. मग घशाचं दुखणं झालं आणि आपण ओळखतो तो भरदार आवाज आला. बाईंनी त्या आवाजाला लपवलं नाही, त्याच्यासाठी गाणं बदललं. त्यांचं खालचं गाणं कुठेही दाबलेलं वाटत नाही. स्वर खाली जातो पण घसा खाली जात नाही. हे लिहून सांगता येत नाही, ऐकूनच कळेल.

दोन काळज्या घे. एक, पहाटे आमच्याकडचा खर्ज आणि शनिवारी सरांचे व्यायाम असं दोन्ही एकाच वेळी करू नकोस. आमच्या पद्धतीत पुढे माइक असतो. ठाण्याच्या गडकरी रंगायतनात आता माइकशिवाय कोण गातं? सरांना आवाज वाद्यवृंदाच्या डोक्यावरून न्यायचाय. श्वासाचं आणि तोंडाच्या आकाराचं गणितच निराळं, दोन्ही एकदम केलंस तर गोंधळशील. दुसरं, व्यायाम करताना दुखता कामा नये. आवाज बसला आणि दोन-तीन आठवडे तसाच राहिला तर कान-नाक-घसा तज्ज्ञाकडून दुर्बिणीने स्वरतंतू बघून घे. "रियाजाने मोकळा होईल" असं कोणीही सांगितलं तरी ऐकू नकोस, अगदी मी सांगितलं तरी.

खरजातली (खारघर)

सगळ्यांचे आभार. षड्जपंचम ताई, दुखत नाही. उलट फुर्रफुर्र झाल्यावर बोलतानाही हलकं वाटतं. खर्ज बंद करते.

रबाळे_लोकल दादा, तुमचं म्हणणं मनाला लागलं, कारण खरंच मला मेटला गायचं नाहीये. पण मला एक भूमिका तरी पूर्ण, नीट गाता यायला हवी आहे. 'बार्बर ऑफ सेव्हिल'मधल्या नायिकेची, रोझिनाची, पहिली आरिया मी शिकले होते आणि तिथेच सरांनी थांबवलं. काका, रोझिना तर बऱ्याच सोप्रानो गातात. मग ती माझ्या आवाजाची आहे की नाही? आणि मेझोच्या उशिराचं तुम्ही सांगितलंच नाहीत.

पाईपवाला (पाचपाखाडी)

रोझिना तुझीच आहे. रॉसिनीने १८१६ साली 'बार्बर ऑफ सेव्हिल' लिहिला तो खालच्या आवाजाची नायिका धरून. पुढे सोप्रानोंनी तो वरच्या पट्टीत नेला, वर नक्षी चढवली आणि घर बळकावलं. रॉसिनीला खालच्या बायकी आवाजाचं प्रेमच होतं. नायिकाही त्याच आवाजाची आणि लढाईवर जाणारा तरुण सेनापतीही त्याच आवाजाचा. व्हर्डीपर्यंत येता येता मेझोच्या वाट्याला सवत नाहीतर सूड घेणारी जिप्सी म्हातारी उरली. भूमिका जबरदस्त, पण नायिका पलीकडे.

ही रॉसिनीची वाट पुन्हा मोकळी केली त्यात सगळ्यात मोठं नाव मेरिलिन हॉर्न. हिची गोष्ट मला डिडोनाटोपेक्षाही आवडते. जन्म १९३४, पेनसिल्व्हेनियातलं ब्रॅडफर्ड, वाढली कॅलिफोर्नियात. विशीत असताना १९५४ च्या 'कारमेन जोन्स' सिनेमात डोरोथी डँड्रिजला गाण्याचा आवाज हिने दिला. म्हणजे आपल्याकडचं पार्श्वगायनच, तिथे मात्र लोकांना त्याचं अप्रूप. मग १९५६ ला जर्मनीत गेल्सेनकिर्शेन नावाच्या खाणकामगारांच्या गावातल्या ऑपेरात नोकरी धरली, तीन वर्षं. आणि गात काय होती, तर सोप्रानोच्या भूमिका! आपला आवाज कुठे बसतो ते गात गात सापडलं. पुढे सोप्रानो जोन सदरलंड आणि ती अशी जोडी जमली, रॉसिनीच्या 'सेमिरामिदे'सारखी अडगळीत पडलेली कामं या दोघींनी बाहेर काढली. १९८४ ला मेटने पहिल्यांदा अठराव्या शतकातल्या हँडलचा ऑपेरा केला, 'रिनाल्दो', तो हॉर्नसाठी. मेटसारख्या ठिकाणी हँडल १९८४ पर्यंत थांबला होता, विचार कर.

डिडोनाटो याच वाटेने आली. चेनेरेंतोला, रोझिना, 'ला दोना देल लागो'. हॉर्न आधी होऊन गेली नसती तर यातलं निम्मं काम बाजारात नसतंच.

उशिराचं म्हणशील तर हॉर्न मेटला पहिल्यांदा गायली १९७० साली, 'नॉर्मा'मध्ये. वय ३६. डिडोनाटोही ३६.

कोपरीची_माई

मधेच तोंड घालते. फ्रेडरिका फॉन श्टाडे ही पण अमेरिकन मेझोच, आणि तीही मेटला पहिल्यांदा १९७० मध्येच उभी राहिली. जन्म १९४५ चा. चोविशीत! तेव्हा ३६ हा काही शास्त्रार्थ नव्हे.

पाईपवाला (पाचपाखाडी)

माई, बरोबर. पण श्टाडेबाई उभ्या राहिल्या त्या 'मॅजिक फ्लूट'मधल्या तीन मुलांपैकी एक म्हणून. म्हणजे पुन्हा छोटं काम आणि सांभाळणारी संस्था. हलका, तरल आवाज लवकर तयार होतो, भारी आवाजाला वेळ लागतो, एवढंच म्हणता येईल. खरजातलीचा कुठला ते तिच्या सरांना कळेल, मला इथे टायपून नाही कळणार.

कोपरीची_माई

तीन मुलांपैकी एक, यावरून आठवलं. मेझोंना किती मुलगे व्हावं लागतं! केरुबिनो मुलगा, ओक्टाव्हियान मुलगा, बेल्लिनीचा रोमिओसुद्धा बाईच गाते. माझ्या सासूबाई बालगंधर्वांचं वेड असलेल्या. त्यांना मी एनसीपीएच्या पडद्यावरच्या मेटच्या एका प्रयोगाला नेलं होतं. मध्यंतरात म्हणाल्या, "आपल्याकडे नारायणरावांनी शालू नेसला, यांच्याकडे बायकांनी तुमानी चढवल्या, फिट्टंफाट झाली." आणि केरुबिनो हा मुलगा मुलीचा वेश करतो, म्हणजे मुलीने केलेला मुलगा मुलगी होतो, ते कळल्यावर ज्या हसल्या की पुढच्या रांगेने वळून पाहिलं.

रबाळे_लोकल

माई 😀

काका, तो पाय मोडल्याचा किस्सा खरा आहे का? व्हॉट्सअॅपवर फिरत होता, म्हणून विश्वास बसत नाही.

पाईपवाला (पाचपाखाडी)

खरा आहे. जुलै २००९, लंडनचं रॉयल ऑपेरा हाउस, 'बार्बर'चा पहिला प्रयोग. रंगमंचावर घसरली, पायाचं हाड मोडलं, लंगडत आणि मग कुबडी घेऊन प्रयोग पुरा केला. पुढचे प्रयोग गुलाबी प्लास्टर घालून व्हीलचेअरमध्ये. त्याची डीव्हीडीही निघाली.

लोक हा किस्सा धैर्याचा म्हणून सांगतात. माझं मत जरा वेगळं. रोझिनाचं ते गाणं, इतक्या हरकती, खाली-वर उड्या, हे खुर्चीत बसून, एक पाय सरळ ठेवून गायचं म्हणजे श्वासाचा आधार नेमका कुठून येतो ते पक्कं माहीत पाहिजे. स्नायूंच्या जोरावर गाणारी असती तर पहिल्याच अंकात आवाज गेला असता. ह्यूस्टनमध्ये बांधलेला पाया तिथे कामाला आला, असं मला ती डीव्हीडी बघताना वाटतं. इंजिनिअरचं डोकं आहे, लोडिंग बघतं.

तिची नंतरची कामं मला जास्त भावतात. 'डेड मॅन वॉकिंग'मधली सिस्टर हेलन तिने २००२ ला न्यूयॉर्क सिटी ऑपेरात गायली, २०११ ला ह्यूस्टनमध्ये आणि २०२३ ला मेटचा हंगाम त्याच ऑपेराने उघडला तेव्हा पुन्हा. तीच भूमिका तिशीत आणि पन्नाशी ओलांडल्यावर. शिवाय सिंग सिंग तुरुंगातल्या कैद्यांबरोबर कार्नेगी हॉलच्या उपक्रमात ती बरीच वर्षं गाणं करते आहे. शाळेत संगीत शिकवायला निघालेली मुलगी होती, ते कुठेतरी शिल्लक आहेच.

षड्जपंचम (नौपाडा)

काका, एक शंका. इथे पगारी स्टुडिओ नाही हे धरलं, तरी मार्गदर्शनापुरतं काही आहे का? माझ्या एका विद्यार्थिनीलाही उपयोग होईल.

पाईपवाला (पाचपाखाडी)

पॅट्रिशिया रोझारिओ, मूळच्या मुंबईच्या सोप्रानो, लंडनमध्ये असतात. 'गिव्हिंग व्हॉइस टु इंडिया' हा त्यांचा उपक्रम, त्यात त्या भारतात येऊन शिकवतात. कधी, कुठे ते त्यांच्याकडूनच कळेल. ह्यूस्टनची जागा त्याने भरून निघणार नाही, पण तुझ्या सरांशिवाय आणखी एका जाणत्या कानाने आवाज तपासला जाईल. एकाच शिक्षकाच्या शब्दावर वर्ष टाकण्यापेक्षा ते बरं.

खरजातली, सरांना एवढंच विचार: तीन महिन्यांनी काय बदललेलं ऐकू यायला हवं? कुठल्या सुरावर? उत्तर नेमकं आलं तर वर्ष दे. गोल गोल आलं तर विचार कर.

खरजातली (खारघर)

विचारलं. म्हणाले, मधल्या सप्तकातल्या ई-एफच्या आसपास तुझा आवाज गिअर बदलताना खडखडतो, दिवाळीपर्यंत तो सांधा ऐकू येता कामा नये, आणि तसं झालं तर रोझिना नाही पण हँडलचं एखादं सावकाश गाणं देईन. आता मी काय ऐकू ते सांगा, गायचं नाहीच आहे तर निदान कान तरी भरते.

पाईपवाला (पाचपाखाडी)

उत्तर नेमकं आहे. सर बरे दिसतात.

आधी हॉर्नची रॉसिनी, साठ-सत्तरच्या दशकातली, आणि ऐकताना फक्त तो तुझा सांधा ती कसा ओलांडते तेवढंच बघ. ती कधीकधी मुद्दाम दाखवते, छातीचा आवाज खणखणीत लावून. मग डिडोनाटोची 'दिवा दिवो', २०१२ ला ग्रॅमी मिळालेली: एकाच कथेतला पुरुष आणि बाई, दोघांचीही गाणी एकटीने. ती सांधा दाखवतच नाही. मग 'अग्रिपिना', हँडल, दुष्ट राजमाता, भयंकर मजा. रेकॉर्डिंगं रात्री हेडफोनवर ऐकू नकोस, स्पीकरवर ऐक, हेडफोनमध्ये सगळेच आवाज मोठे वाटतात. आणि गुणगुणू नकोस बरोबर. गुणगुणताना तू पुन्हा जबडा आवळशील.